पोहण्याची चड्डी

पोहण्याच्या तलावावर आज एक आजोबा आपली चड्डी नळाखाली खळबळून, न पिळता टॉवेलात हलकेच दाबत होते. माझे बाबाही असंच करायचे. "पिळलं की इलॅस्टिक मरतं," म्हणायचे आणि ती सावलीत वाळत घालायचे. शेवटच्या वर्षी म्हणाले, "सैल होतेय रे." मी म्हटलं, "क्लोरीननं इलॅस्टिक गेलं असेल," आणि एक माप लहान आणून दिली. चार महिन्यांत तीही सैल झाली. मी दुकानदारावर चिडलो आणि आणखी एक माप लहान घेऊन आलो.

घरी येऊन बाबांची ती जुनी चड्डी कपाटातून काढली आणि ताणून पाहिली. सोडताच इलॅस्टिक फटकन बोटांवर बसलं. ते कुठेच गेलं नव्हतं. बाबा आटत चालले होते आणि मी मापं बदलत राहिलो.