वालबुर्गाच्या आईचा विस्तव

आमचे काउंट निपुत्रिक वारले आणि त्यांच्या दोन पुतण्यांत गादीवरून भांडण लागलं. गढीचा ताबा घेणाऱ्यानं तिथली चूल विझवून स्वतःच्या हातानं नवी पेटवायची, ही आमच्याकडची रीत.

स्वयंपाकीण वालबुर्गानं गढीच्या चुलीतला, आधीची स्वयंपाकीण असलेल्या आईनं जपलेला विस्तव ती गेल्यावरही विझू दिला नव्हता. थोरला पुतण्या यायच्या आत तिनं थोडे निखारे मडक्यात घालून घरी नेले.

पुढे धाकट्यानं थोरल्याला हुसकावून त्यानं पेटवलेली चूल विझवली, पण धुक्यानं दमटलेला त्याचा कापूस चकमकीची ठिणगी धरेना.

“वालबुर्गा, घरी विस्तव आहे का गं?”

“आहे, धनी. पण मग चूल तुमची, की माझ्या आईची?”

“तोंड आवर आणि घेऊन ये!”

धुक्यातून लाल उजेड तरंगत आला. मला वाटलं, तिची आईच येतेय. वालबुर्गानं निखारे चुलीत ओतून हलकेच फुंकर घातली.

“घ्या,” ती धाकट्याला म्हणाली, “झालात मालक.”