मोताळ्याची मोटार आणि उंद्रीची विहीर

चराचराला जो चालवितो आणि स्वतः मात्र कधी हलत नाही, त्या परमेश्वराला प्रथम वंदन करतो. उंद्री या गावी एका नव्या विहिरीच्या उत्सर्गासाठी (विहीर सर्व प्राणिमात्रांना अर्पण करण्याचा विधी) मार्गशीर्षात माझे वऱ्हाडात जाणे झाले. नवे महाराष्ट्र राज्य होऊन तेव्हा तीन-चार वर्षे लोटली होती, आणि आमच्या नाशिककर मंडळींपैकी बहुतेकांना बुलढाणा जिल्हा नकाशापुरताच ठाऊक होता. घरच्या वाचकांस त्या मुलखाची थोडी ओळख व्हावी, आणि माझ्या हातून घडलेली एक चूकही त्यांना कळावी, या हेतूने हा वृत्तांत लिहीत आहे.

मलकापूर स्थानकावर पॅसेंजर लागली तेव्हा पूर्व नुकती उजळत होती. फलाटाबाहेर रुईच्या गाठी रचलेल्या, त्यांवर दव. पलीकडे मोताळ्याच्या आबासाहेबांची मोटार उभी होती. आबासाहेब तेथील मोठे जमीनदार. त्यांच्याकडे नवरात्रातील पाठासाठी मी काही वर्षे जात असे, आणि उंद्रीची विहीर त्यांच्या जावयाची. मोटारीचा चालक गणपत हा चाळिशीचा, मितभाषी मनुष्य. तो बाहेर उभा होता, पण इंजिन चालूच होते. तेल व्यर्थ का जाळतोस, असे मी विचारले.

"बंद केलं तं परत चालू होईन याचा भरोसा नाई, महाराज," तो म्हणाला.

मोताळ्यास पोहोचून स्नानसंध्या आटोपली. आबासाहेबांनी दुधाचा पेला पुढे केला आणि गणपत अंगणात उभा असतानाच बोलण्यास प्रारंभ केला.

"महाराज, दुपारी मी गाडीत बसलो का ही एका बटनात चालू होते. सकाळी याच्या हाती गेली का रुसते. असं कसं?"

मी म्हणालो, "यंत्राचे मला काही कळत नाही."

"मले कळते. मागच्या महिन्यात यानं गाडी खामगावले कामाले नेली होती. तिथं नवा सेल्फ काढून इकला अन् जुना बसोला." ('सेल्फ' म्हणजे इंजिनाला पहिली गती देणारे विजेचे यंत्र.) "उंद्रीहून गाडी सेल्फवर चालू होऊन आली तं ठीक. नाई तं सोमवारपासून किल्ली दुसऱ्याजवळ."

मोटारीची काच गणपत फडक्याने पुसत राहिला.

मोताळा मागे पडल्यावर दोन्ही बाजूंस काळी रानेच राने दिसतात. वेचणीला आलेला कापूस, मध्ये तुरीचे पट्टे, बांधावर बाभळी. राजूरच्या घाटाच्या माथ्यावर वारा गार झाला. तेथे रेडिएटरमध्ये पाणी घालण्यासाठी गणपतने गाडी थांबविली, आणि थांबता थांबता इंजिनही बंद पडले. पाणी घालून त्याने बटण दाबले. काही झाले नाही. पुन्हा दाबले. दिवे लागत होते, भोंगा वाजत होता, परंतु सेल्फ मुका होता. मग त्याने लोखंडी हँडल काढून पुढच्या बाजूने घातले आणि अंगाचा जोर लावून फिरवू लागला.

कापसाची बैलगाडी हाकीत एक शेतकरी येत होता. तो थांबला.

"काऊन बे गनपत, आबासाहेबाच्या गाडीले बैल जोडू का?"

"जोड ना. पन तुह्ये बैल पेट्रोलच्या वासानं पळतीन, मंग तूच धर जू खांद्यावर."

"मी धरीन. माह्या खांद्याले कोनी चोर तं म्हनत नाई."

बोलणे थट्टेचे होते, पण हँडलवरचा गणपतचा हात थांबला. बैलगाडी पुढे गेली. चौथ्या फेऱ्याला इंजिन लागले. गाडीत बसल्यावर तो आपण होऊन म्हणाला, "नोकरी गेली तं दुसरी भेटन, महाराज. पन चोर म्हून गेलो, तं या मुलखात कोन किल्ली देईन मले? गोष्ट माह्या अगोदर उंद्रीपर्यंत पोचली असन."

विधी दुसऱ्या दिवशी सकाळी होता, म्हणून वेळ हाताशी होता. वाटेत कोणी जाणता असेल तर त्यास दाखवू, असे मी सुचविले. गणपतने चिखलीच्या रहमान मिस्त्रीचे नाव सांगितले.

चिखलीचा बाजार त्या दिवशी भरात होता. ज्वारीच्या राशी, तुरीची पोती, कापसाच्या गाड्यांची रांग, आणि त्या सर्वांतून वाट काढणारी एस.टी. बाजाराच्या टोकाला एका लिंबाखाली रहमान मिस्त्रीचे पत्र्याचे छप्पर होते. पांढऱ्या दाढीचा हा कारागीर तरुणपणी लष्करी ट्रकांवर काम करून आलेला. त्याने माझ्यासाठी धुतलेले पोते अंथरले. मी बाहेरचे शिजवलेले घेत नाही, हे न सांगताच त्याच्या ध्यानात आले असावे. त्याने पेरू आणविले, पाण्याचा तांब्या आणि सुरी माझ्यापुढे ठेवली, आणि म्हणाला, "तुमीच धुवा, तुमीच कापा, पंडितजी. आमचा हात लागत नाई."

गणपत घाईने सर्व सांगू लागला. खामगाव, सेल्फ, आबासाहेब. मिस्त्रीने हात वर केला.

"तू चूप. गाडीलेच बोलू दे."

त्याने समोरचे दिवे लावले आणि गणपतला बटण दाबण्यास सांगितले. मग मला विचारले, "दिवा मंदावला का, पंडितजी?"

"नाही."

"सेल्फ अडकला असता तं दिवा बसला असता. म्हंजे त्याच्यापर्यंत काही पोचूनच नाई राह्यलं."

गाडी गिअरमध्ये नाही, याची खात्री करून त्याने बोनेट उघडले. इंजिनामागच्या पत्र्यावर वाटीएवढी एक गोल डबी बसविलेली होती. तिला ते 'रिले' म्हणतात. बटणाची बारीक तार तिच्यापर्यंत येते, आणि ती आतल्या आत बॅटरीच्या जाड तारेची सेल्फच्या जाड तारेशी गाठ घालून देते. मिस्त्रीने मोठा पेचकस घेऊन त्या दोन जाड तारांची टोके क्षणभर जोडली. ठिणगी उडाली, आणि सेल्फ गर्जत फिरला.

"हा सेल्फ जुना हाय म्हनते आबासाहेब?" असे म्हणून तो गाडीखाली गेला. मग आतूनच त्याने मला हाक मारली. मी गुडघे टेकले, चष्मा लावला. सेल्फच्या बोल्टांच्या माथ्यावर आणि भोवतीच्या लोखंडावर कारखान्यातल्या रंगाचा एकच सलग लेप होता. कोठेही तडा नव्हता.

"पाना लागला असता तं रंग फुटला असता. हे बोल्ट कंपनीतून निघाल्यापासून कोनी फिरोलेच नाईत."

गणपतने डोक्यावरची टोपी काढली आणि तो तेथेच मातीत बसला. चोरीचा आळ गेला. परंतु बिघाड अजून जागच्या जागी होता, आणि गाडी सेल्फवर परत न्यावयाची होती.

मिस्त्रीने एका छोट्या दिव्याला दोन तारा जोडल्या. एक तार रिलेच्या बारीक तारेच्या टोकाला आणि दुसरी बॅटरीच्या ऋण टोकाला लावून त्याने बटण दाबविले. दिवा लागला.

"हुकूम तं पोचून राह्यला. मंग ही डबी उठत काऊन नाई?" तो स्वतःशीच बोलला, आणि मग माझ्याकडे वळला. "पंडितजी, करंट घरून निघते, काम करते अन् घरी परत येते. परतीची वाट म्हंजे गाडीचं हे लोखंड. ती वाट बुजली का करंट दारातच उभा राहते."

त्याने एका तारेचे टोक रिलेच्या अंगाला आणि दुसरे इंजिनाच्या उघड्या धातूला धरले. गणपतने बटण दाबले. डबीत 'टक' असा आवाज झाला आणि इंजिन सुरू झाले. मग ते बंद करून मिस्त्रीने रिलेचे दोन स्क्रू काढले.

डबीच्या बुडाखाली कठीण खपली साचली होती. हिरवी, तिच्यात लाल आणि पिवळ्या रेषा. तो चाकूने खरवडू लागला, त्याने ती भुकटी बोटांवर चोळून पाहिली, आणि त्याचा हात थांबला. मग त्याने वर्तमानपत्राचा कागद पसरला आणि उरलेली सर्व खपली, जमिनीवर पडू न देता, त्या कागदावर काढली.

"गोड पानी हाय. नारळाचं. सडून हिरवं झालं. दव पडलं का सकाळी जास्तच. दुपारी इंजिन तापलं, सुकलं, का थोडी वाट मोकळी होत असन. आता तं तीही बुजली. अन् हे लाल..." गणपत लिंबाच्या शेंड्याकडे पाहू लागला.

ते कुंकू होते. आश्विनात, खंडेनवमीस, या मोटारीची पूजा मीच केली होती. इंजिन हे वाहनाचे हृदय, तेव्हा अभिषेक त्यावरच व्हावा, असे सांगून मी बोनेट उघडविले, आणि मंत्रोच्चारासहित नारळाचे पाणी व हळदकुंकू त्याच्यावर अर्पण केले. गणपत तेव्हा पुढे होऊन म्हणाला होता, "महाराज, आत पानी जाईन." मंत्र मध्येच खंडित होऊ नये, म्हणून मी त्याला हाताच्या खुणेने गप्प केले होते.

"हे मी घातले आहे," मी मिस्त्रीस म्हणालो. मग गणपतला विचारले, "तुला संशय होता?"

"होता."

"मग आबासाहेबांना का सांगितले नाहीस?"

"पूजेनं गाडी बिघडली म्हनू? त्याच्यापेक्षा चोर म्हनून राह्यले तेच बरं होतं."

मिस्त्री रिलेच्या जागेवर काचकागद घाशीत होता. मान न वळविता तो म्हणाला, "मी कागदावर लिहून देतो, स्क्रू ढिला होता म्हून. स्क्रूले काय शरम? कोनाले काही लागत नाई."

ती सूचना मला त्या क्षणी आवडली, हे नाकारता येणार नाही. हातातली पेरूची फोड मी खाली ठेवली. पण ढिला स्क्रू कोणीही ढिला करू शकतो. आबासाहेबांनी तोही गणपतच्याच माथी मारला असता. "कागद नको," मी म्हणालो. "मीच सांगेन."

पत्रा चकाकेपर्यंत घासला गेला, रिलेचे बूडही. नवे वायसर घालून मिस्त्रीने स्क्रू कसले आणि वरून ग्रीसचा पातळ थर दिला. मग त्याने गणपतकडून वीस वेळा इंजिन बंद-चालू करविले. विसाही वेळा ते पहिल्या स्पर्शास जागे झाले. कागदावरची खपली मिस्त्रीने पुडी बांधून माझ्या हाती दिली. वाटेतल्या ओढ्यात मी तिचे विसर्जन केले.

उंद्रीत विहिरीला बारा हातांवर पाणी लागले होते. सकाळी विधी झाला. गावची गुरे, वाटसरू, पाखरे, सर्वांना ते जल मोकळे झाले. दुपारी पंक्तीला रोडगे होते (गोवऱ्यांच्या निखाऱ्यात भाजलेले कणकेचे गोळे), तूप आणि वांग्याची भाजी. मी सोवळ्यात स्वतः केलेला वरणभात घेतला. रोडग्यांच्या वासावरच समाधान मानले. निघताना जावईबापूंनी गड्यांना मोटार ढकलण्यास बोलाविले होते. गणपतने बटण दाबले आणि गडी हसत बाजूला झाले.

मोताळ्यास पोहोचलो तेव्हा ऊन उतरले होते. आबासाहेब ओसरीवर होते. गणपत पायरीपाशी थांबला. मी न बसताच म्हणालो, "बिघाड सापडला. तो माझ्या हातचा आहे," आणि सर्व क्रमाने सांगितले.

आबासाहेबांनी नम्रपणे ऐकून घेतले, आणि हसले. "महाराज, तुमी दयाळू हा. गड्याले वाचवून राह्यले."

"मी वाचवीत नाही. सांगत आहे."

"पूजेनं कधी नुकसान होते का? मंत्र तुमचे, नारळ देवाचा. माह्या तोंडून हे वदवू नका."

माझ्याविषयीचा त्यांचा आदरच गणपतच्या आड उभा होता. मी म्हणालो, "मंत्रांत दोष नव्हता. पाणी कोठे घालावे हे मला ठाऊक नव्हते, आणि ज्याला ठाऊक होते त्याला मी बोलू दिले नाही. सेल्फच्या बोल्टांवरचा रंग आपण डोळ्यांनी पाहावा. तरीही गणपतला काढणार असाल, तर येत्या नवरात्रासाठी दुसरे शास्त्री पाहावेत. दोष माझा असताना मी राहावे आणि त्याने जावे, हे मला करता येणार नाही."

आबासाहेब उठले, धोतराचा सोगा खोचून अंगणात गेले आणि जमिनीवर हात टेकून गाडीखाली वाकले. त्या घराण्यातील पुरुषाला कोणी असे वाकलेले पाहिले नसावे. ते उभे राहिले तेव्हा गुडघ्यांना माती लागली होती.

"गनपत, तुनं तवाच काऊन नाई सांगतलं?"

"सांगतलं होतं, मालक. महाराजाले."

आबासाहेबांनी माझ्याकडे पाहिले. मी होकारार्थी मान हलविली.

"मलकापूरहून महाराजांची गाडी सकाळी साडेसातची हाय," ते गणपतला म्हणाले. "पाचाले मोटार काढजो. अन् सोमवारी मले खामगावले जायचं हाय. तूच चाल."

"हाव जी," गणपत म्हणाला.

नाशिकला परत आल्यावर मी हा प्रसंग माझ्या विद्यार्थ्यांना सांगितला. एकाने विचारले, म्हणजे यंत्राची पूजा करू नये काय? मी म्हणालो, अवश्य करावी. पण देवतेला आवाहन करण्यापूर्वी, ते यंत्र रोज ज्याच्या हाती असते त्याला विचारावे. पुढच्या खंडेनवमीस मोताळ्याला मी नारळ हाती घेतला आणि सर्वांदेखत गणपतला विचारले, "कोठे?" त्याने पुढच्या चाकासमोरची जमीन दाखविली. पाणी तेथेच अर्पण केले. मातीने ते लगेच शोषून घेतले.

वाचकहो, आपल्या घरी अन्न-पाण्याला उणे न पडो. आपली लेकरे-बाळे, गुरे-वासरे सुखात राहोत. आपल्या दारी राबणाऱ्या कोणावर खोटा आळ न येवो, आणि आलाच तर तो दूर करण्याचे धैर्य ज्याच्यापाशी सत्य आहे त्याला श्रीहरी देवो. घरातून निघालेले सर्वजण सुखरूप घरी परत येवोत.