कोपरा टाळणारी नूला

नूला मॅकार्डल पाहुण्यांना बेलफास्ट दाखवायची, पण एक कोपरा कायम टाळायची. गिरणीच्या दारातून चर्चकडे सरळ रस्ता जातो. ही बाई मात्र लोकांना मागच्या बोळातून, कचऱ्याच्या डब्यांमधून वळसा घालून न्यायची. कुणी विचारलंच तर म्हणायची, "त्या रस्त्याला एक कुत्रं आहे, चावरं. त्यातून अमेरिकन दिसला की सोडतच नाही."

कुत्रं-बित्रं काही नव्हतं.

साठीला आलेली, अंगाने बुटकी, जिभेने तिखट आणि डोक्यावर बाराही महिने लोकरीची टोपी. एका वेळी एकच कुटुंब घ्यायची. आधी लिननची गिरणी. तिथे तिची आई ओल्या सूतकताईत अनवाणी उभी राहायची आणि म्हातारपणी तिच्या पायांची नखं गळून गेली होती. मग भिंतींवरची चित्रं, कॅथलिक आणि प्रोटेस्टंट वस्त्यांच्या मधली उंच भिंत, गोळ्यांच्या खुणा. "घाला बोटं भोकांत, सगळेच घालतात," ती म्हणायची, "फक्त उकरू नका, उद्याच्या पाहुण्यांनाही लागतात." शेवटी घरी पुढच्या खोलीत बसवून रुमालाची कड कशी शिवतात, कापडाचे दोरे काढून जाळी कशी भरतात ते शिकवायची. मेलेल्यांच्या गोष्टी ऐकून पांढरी पडलेली मंडळी हातात सुई आली की जरा माणसांत यायची.

एकदा ओर्ला नावाच्या मुलीचा फोन आला. टोरांटोहून सुट्टीला आली होती.

"माझ्या आजीला घेऊन येते. ती इथलीच आहे, पण हल्ली घराबाहेर पडत नाही. तिचा वाढदिवस आहे, म्हणून."

"आण की," नूला म्हणाली. "भांडायला सोबत होईल."

दुसऱ्या दिवशी सकाळी गिरणीच्या दाराशी काळी टॅक्सी थांबली. ओर्लाने दार उघडून आजीला हात दिला. आधी जाडजूड काठी बाहेर आली, मग सुजलेले पाय, मग टीझी रॅफर्टी.

नूलाने तिला लगेच ओळखलं. दोघी चार गल्ल्यांच्या अंतरावर राहत होत्या. खाटकाच्या दुकानात एक शिरली की दुसरी बाहेर पडायची. इतक्या वर्षांत एका शब्दाची देवाणघेवाण नव्हती.

"आजी, या नूला."

"ओळखते मी," टीझी म्हणाली. "आमच्या कारखान्यात होती. हात बरा होता हिचा."

"आणि तुझी आजी आमची मुकादमीण," नूला म्हणाली. "बिनशिंगाची म्हैस म्हणायचो आम्ही मागून."

"शिंगं होती. तुम्हाला दिसली नाहीत."

ओर्ला टाळ्या पिटायचीच बाकी राहिली. "बाई गं! म्हणजे तुम्ही मैत्रिणीच!"

नूलाने गिरणीचं दार ढकललं.

*

बहात्तरच्या उन्हाळ्यात नूला एकोणीस वर्षांची होती. शहरातल्या रुमालांच्या कारखान्यात कापणी-शिवणीच्या टेबलावर काम करायची. बाहेर दोन्ही पंथांची माणसं एकमेकांची घरं जाळत होती, पण कारखान्यात मुली एकाच टेबलाशी बसत. नूलाशेजारी भिंतीपलीकडच्या प्रोटेस्टंट वस्तीतली आयव्ही बसायची. तिच्याबरोबर नूला शहरात नाचायला गेली आणि तिथे तिला कीथ भेटला. इंग्लंडातल्या लीड्सचा, लाजाळू, नाचता न येणारा. साध्या कपड्यांत होता. इंग्रजांच्या फौजेतला सोजीर आहे हे त्याने दुसऱ्या भेटीत सांगितलं आणि नूला तिसऱ्या भेटीलाही गेली.

हेच सोजीर पहिल्यांदा रस्त्यावर उतरले तेव्हा तिच्याच गल्लीतल्या बायकांनी त्यांना चहा पाजला होता. पण नंतर ते दारं फोडून घरात घुसायला लागले, जमिनीच्या फळ्या उचकटायला लागले, बापांना, पोरांना केस धरून गाडीत फेकायला लागले. आता त्याच बायका त्यांच्या तोंडावर थुंकायच्या. नूलाही थुंकायची. कीथ सोडून.

एका दुपारी तो गस्तीवर तिच्याच गल्लीत आला. मुद्दाम आला की पाठवला गेला, कुणास ठाऊक. कोपऱ्यावरच्या दिव्याच्या खांबापाशी पोचला आणि कुठल्याशा छपरावरून गोळी आली. मानेतून आरपार गेली. बाकीचे सोजीर आडोशाला पळाले. गल्लीतली दारं धडाधड लागली. हा खांबाशी पडून टाचा घासत होता.

नूला कामाच्या एप्रनमध्येच धावली. तिने त्याचं डोकं मांडीवर घेतलं, एप्रनचा बोळा मानेवर दाबला. रक्त बोटांमधून उसळत होतं, कोपरांपर्यंत ओघळत होतं. "कीथ," ती ओरडत होती, "कीथ, इकडे बघ." त्याने बघितलं नाही. ती मोठमोठ्याने रडली.

मरत्या सोजिराला पाणी पाजलं असतं तरी गल्लीने एक वेळ चालवून घेतलं असतं. पण तिला त्याचं नाव ठाऊक होतं.

त्यानंतरच्या शनिवारी, लख्ख उन्हात, बायका आल्या. त्यांना इंग्रजांशी लढणाऱ्या वस्तीतल्या बंदूकवाल्या पोरांनी पाठवलं की त्या आपणहून आल्या, हे गल्ली आजही सांगत नाही. तोंडाला रुमाल बांधले होते, पण चपला आणि स्कर्ट सगळे ओळखीचे. नूलाच्या आईने दार अडवलं, तिला त्यांनी झाडूच्या दांड्याने मागे ढकललं. भाऊ फर्गस चुलीची सळई घेऊन बाहेर पडला. बायकांबरोबरच्या एका पोराने हर्लिंगच्या खेळाची काठी त्याच्या जबड्यावर अशी हाणली की सुकी फांदी मोडल्यासारखा आवाज झाला. तो तोंड धरून उंबऱ्यातच बसला. बोटांमधून दात खाली पडले.

नूलाला केसांना धरून त्याच खांबापर्यंत ओढत नेलं. फरशीवरचे डाग अजून पुरते गेले नव्हते. वाळत घालायच्या दोरीने तिला बांधलं. एक उंच बाई मोठी कातर घेऊन पुढे आली. नूलाला तोंड दिसलं नाही, पण पातं न उचलता एका दमात सरळ कापत जायची ती रीत दिसली. कारखान्यात लिनन तसं कापायला तिला त्याच हाताने शिकवलं होतं. डाव्या कानामागे केसांबरोबर कातडीही गेली. मग रस्तेवाल्यांच्या डब्यातलं गरम डांबर डोक्यावर आलं, वरून पिसं. गळ्यात पुठ्ठा अडकवला: सोजीरवाली. पोरंटोरं कुंपणावर बसून बघत होती. कुणीतरी हसलं. ती हसणारी बाई नूलाच्या चर्चमधल्या पहिल्या कम्युनियनच्या सोहळ्याला केक घेऊन आली होती.

आईने लोणी चोळून चोळून डांबर काढलं. डांबराबरोबर कातडी निघत होती. शेजारच्या खोलीत फर्गसला ओरडताही येत नव्हतं.

सोमवारी नूला डोक्याला फडकं बांधून कामावर गेली. आईने पाय धरले, तरी गेली. कारखान्यात कुणी वर बघितलं नाही. आयव्हीने टेबलाखाली तिचा हात दाबला. मुकादमीण टीझी रॅफर्टी टेबलांमधून फिरत आली, थांबली. नूलाने कड शिवून ठेवलेला रुमाल तिने उचलला.

"मॅकार्डल, कड वाकडी आहे. उसव."

नूलाने पाहिलं. टीझीचा उजवा हात टेबलावर सपाट पडला होता आणि नखांत अजून डांबर होतं.

तिने दोन्ही मुठींनी कातर उचलली आणि त्या हातात खुपसली. पातं तळव्यातून लाकडात रुतलं. टीझीची किंकाळी मशीनच्या आवाजावरून गेली. कातर उपसायला दोन मुली धावल्या. पांढऱ्या रुमालांचा अख्खा गठ्ठा लाल झाला.

आयव्हीने नूलाला मागच्या दाराने बाहेर काढलं. आयव्हीचा बाप पावाची गाडी चालवायचा. "खाली बस, बाळ, आणि खोकू नकोस," एवढंच म्हणाला तो आणि पावांच्या ट्रेंखाली लपवून त्याने तिला लार्न बंदरात, स्कॉटलंडला जाणाऱ्या बोटीवर सोडलं. त्याच संध्याकाळी बंदूकवाली पोरं नूलाच्या घरी आली. ती सापडली नाही म्हणून त्यांनी फर्गसच्या गुडघ्यात गोळी घातली.

नूला ग्लासगोत राहिली. दवाखान्याचे कपडे शिवले, एका बस ड्रायव्हरशी लग्न केलं, त्याला पुरलं. शस्त्रसंधी झाली, आई अंथरुणाला खिळली, तेव्हा परत आली. डाव्या कानामागे केस पुन्हा कधी उगवलेच नाहीत.

*

गिरणी बघून झाली. नूला सवयीने बोळाकडे वळली.

"सरळ रस्ता जवळचा नाही का?" ओर्लाने विचारलं. "आजीला त्या डब्यांमधून कसं नेणार?"

"तिकडे कुत्रं आहे."

"कुत्रं?" टीझी म्हणाली. "या रस्त्यावर जन्मले मी. कुठल्या कुत्र्याचं भय दाखवतेस गं मला?" आणि काठी टेकत निघालीसुद्धा.

नूला मागून गेली. कोपऱ्यावर आता नवा खांब होता, नवी फरशी होती. टीझी दम घ्यायला नेमकी तिथेच थांबली.

ओर्ला भिंतीवरच्या चित्राचा फोटो काढत सहज म्हणाली, "विमानात मी एक लेख वाचला. इथे म्हणे मुलींना खांबाला बांधून केस कापायचे. खरं आहे?"

"पेपरवाल्यांच्या बाता," टीझी म्हणाली. "इंग्रजांचे पेपर ते. आमच्यात असलं काही होत नसे."

नूलाने टोपी काढली.

वाऱ्याने पांढरे केस उडाले आणि कानामागचा गुळगुळीत, सुरकुतलेला चट्टा उघडा पडला.

"ओर्ला, आजीच्या हाताला भोक पडलं होतं ते कशाने, म्हणून सांगितलंय तुला?"

"मशीनची सुई गेली होती..."

"कातर होती. मी घातली. आणि माझं हे तुझ्या आजीने केलं. इथेच. तू उभी आहेस तिथे."

"खोटारडी!" टीझी किंचाळली. "सोजिराच्या गळ्यात पडणारी—"

"मरत होता तो! तुमच्या पोरांनी मारला होता, मी रडले फक्त!"

काठी आली ती नूलाच्या भुवईवर. पंचाहत्तरी ओलांडलेल्या बाईच्या अंगात एवढा जोर असेल असं कुणाला वाटलं नसतं. भुवई फाटली, रक्त डोळ्यात गेलं. दुसरा फटका हवेतच असताना नूलाने काठी धरली, हिसकली आणि उचलली. ओर्ला मध्ये पडायला धावली, पण तोवर काठी टीझीच्या खांद्यावर बसली होती. कडकन आवाज झाला. टीझी भिंतीला घासत खाली बसली, तोंड उघडं, आवाज नाही.

नूलाने काठी पुन्हा वर नेली. समोर फरशीवर बसलेल्या म्हातारीचा एक बूट निघाला होता, मोज्यातून अंगठा बाहेर आला होता. टीझी तिच्याकडे बघत होती. हात आडवा घालत नव्हती.

"मार ना," ती म्हणाली.

नूलाने काठी टाकून दिली.

कोपऱ्यावरच्या दुकानदाराने दार लावून घेतलं. त्या गल्लीत पोलिसांना कुणी बोलवत नाही, ओर्लालाही टीझीने हाताला धरून बोलवू दिलं नाही. टॅक्सी मात्र बोलावली.

इस्पितळात तरुण डॉक्टरने नूलाची भुवई शिवता शिवता विचारलं, "काय झालं?"

"पडले."

त्याने शेजारच्या खाटेकडे पाहिलं. तिथे टीझीचा हात गळ्यात अडकवला होता. "आणि तुम्ही?"

"मी हिच्यावर पडले."

ओर्ला बाहेर व्हरांड्यात वडिलांना फोन करून रडत होती. पडदा ओढलेला होता. टीझी छताकडे बघत म्हणाली,

"बाकीच्यांनी वस्तरा आणला होता. तुझ्या तोंडासाठी. मी म्हटलं, कातर माझ्याकडे आहे, मीच करते."

"म्हणजे उपकार मानू तुमचे?"

"मान नाहीतर नको मानू. नाक आहे ना जागेवर?"

नूलाला हसू की ओरडू कळेना. हे खरं असेल किंवा एवढ्या वर्षांत रचून रचून घट्ट बसलं असेल. पारखायला दुसरं कुणी जिवंत नव्हतं.

"आणि सोमवारी?" तिने विचारलं. "कड वाकडी होती?"

टीझीने डोळे मिटले. "नव्हती. सरळ होती. सगळ्याजणी माझ्याकडे बघत होत्या. मला काहीतरी बोलायला पाहिजे होतं."

"फर्गसचा पाय तोडावा लागला."

"ठाऊक आहे मला."

"ठाऊक होतं, आणि खाटकाच्या दुकानात मला बघून पाठ फिरवायच्या."

"तूही फिरवायचीस," टीझी म्हणाली.

ओर्ला आठवडा संपायच्या आधीच टोरांटोला परत गेली. जाण्याआधी नूलाच्या दारात उभी राहिली, "मी काय करू आता?" म्हणाली. नूलाने तिला एक रुमाल दिला आणि चहा दिला.

मग नूलाने वळसा घालणं सोडलं. आलेल्या पाहुण्यांना ती कोपऱ्यावर न्यायची आणि तिथे काय झालं ते सांगायची, टोपी काढून. नावं घ्यायची नाही. तरी पहिल्याच आठवड्यात तिच्या पुढच्या खोलीच्या खिडकीतून वीट आत आली. काचा शिवणाच्या चौकटीवर, ताणलेल्या लिननवर, सगळीकडे. ज्यांच्या दारांसमोर झालं त्यांनी काही पाहिलं नव्हतं. नूलाने खिडकीला फळ्या ठोकल्या आणि ठरलेल्या वेळी एका जर्मन जोडप्याला घेऊन निघाली.

कोपऱ्यावर ती बोलत होती तेव्हा समोरून टीझी आली. हात अजून गळ्यात, दुसऱ्या हातात काठी. रस्त्याच्या पलीकडे थांबली. दारांमध्ये दोन-चार बायका येऊन उभ्या राहिल्या. नूला थांबली नाही. दोरी सांगितली, कातर सांगितली, डांबर सांगितलं.

"आणि मग वरून पिसं टाकली," ती म्हणाली.

"माझ्या उशीतली," टीझी पलीकडून म्हणाली. अख्ख्या गल्लीला ऐकू जाईल एवढ्या मोठ्याने.

एक दार लागलं. मग दुसरं. टीझी तिथेच उभी राहिली. जर्मन बाईने गोंधळून नूलाकडे पाहिलं.

"ऐकलंत ना?" नूला म्हणाली, टोपी घातली आणि त्यांना भिंतीकडे घेऊन गेली.