शकुंतला सिस्टर आणि गवताच्या मशीनचं पातं

शकुंतलाकाकूंना निवृत्त होऊन बरीच वर्षं झाली, तरी जुळे सोलापुरातली आमची गल्ली त्यांना अजून सिस्टरच म्हणते. एका मोठ्या दवाखान्याच्या ऑपरेशन थिएटरमध्ये त्यांनी उभी हयात काढली. त्यांच्याबद्दल एक गोष्ट सांगतात. पोटाचं ऑपरेशन आटोपलं, सर्जन टाके घालायला निघाले आणि सिस्टर म्हणाल्या, रक्त टिपायचा एक गॉज कमी भरतोय. सर्जन मोठे, त्यात त्यांना एका लग्नाला पोचायचं होतं. सिस्टर दाराला पाठ लावून उभ्या राहिल्या. शेवटी तो गॉज सर्जनांच्याच चपलेला चिकटलेला निघाला. काकू ही गोष्ट स्वतः कधी सांगत नाहीत. त्यांचे यजमान चिंतामणीकाका सांगतात, आणि दर वेळी त्या चपलेचा रंग वेगळा असतो.

मी त्यांच्या वरच्या मजल्यावर भाड्यानं राहते, कॉलेजात शिकवते. त्यामुळे पुढं जे घडलं त्यातलं बरंचसं मी छत्री धरून पाहिलेलं आहे. छत्रीचं येईलच.

काका एका कॉलेजच्या ऑफिसात हेडक्लार्क होते. माणूस अगदी मऊ. लग्नानंतर थोड्याच दिवसांत त्यांच्या लक्षात आलं की या घरात काही मागायचं नसतं, नुसता हात पुढं करायचा असतो, हवी ती वस्तू तळव्यावर येते. त्यांचं दाढीचं सामान काकू अजून उकळून ठेवतात. फ्रिजमधल्या प्रत्येक डब्यावर चिकटपट्टी असते आणि तिच्यावर आत काय आहे ते लिहिलेलं असतं, डबा काचेचा असला तरी.

मध्यंतरी काकांच्या तळपायांना मुंग्या यायला लागल्या. हिरवळीवर अनवाणी चालावं, असं कुणीतरी सांगितलं. काकूंनी अंगणातली शहाबादी फरशी उखडून घेतली आणि लॉन लावलं. दोन चादरी अंथरल्या तर झाकून जाईल एवढं. नळाला पाणी चार-पाच दिवसांतून एकदा, म्हणून लॉनला तांदूळ धुतलेलं, भाजी धुतलेलं, फिल्टरमधून वाया जाणारं, असं सगळं पाणी जायचं. मीही वरून माझी बादली उतरवायची. एवढ्या पाहुण्या पाण्यावर ते गवत असं माजलं की काकांच्या पोटऱ्यांना खाज सुटली. मग पुण्याहून त्यांचा मुलगा अनीश विजेवर चालणारं गवत कापायचं मशीन घेऊन आला. मशीन बरंच मोठं होतं. वळवायला गेलं की लॉन संपायचं.

एप्रिलातल्या एका सकाळी काका गवत कापत होते. अचानक असा आवाज झाला की मी वरून धावत खाली आले. गवतात खलबत्त्यातला लोखंडी बत्ता पडलेला होता. कपड्यांच्या दोरीसाठी खुंटी ठोकायला काकांनीच तो आदल्या दिवशी बाहेर नेला होता. मशीन गप्प झालं होतं. काकूंनी आधी बत्ता उचलून बघितला, कारण शेंगाची चटणी त्या मिक्सरमध्ये करत नाहीत. बत्त्याला ओरखडासुद्धा नव्हता. मग त्यांनी प्लग काढला, थोडं थांबल्या आणि मशीन कुशीवर करून आत डोकावल्या. पातं एका बाजूला वाकलं होतं.

शेजारचे हिंदुराव भिंतीवरून बघतच होते. हे मूळचे नातेपुत्याचे, एसटीतून निवृत्त झालेले ड्रायव्हर. जगातली कुठलीही वस्तू हातोड्यानं दुरुस्त होते यावर त्यांचा विश्वास.

"वैनी, ह्येला काय हुतंय? हातोडा द्या, दोन ठोक्यात सरळ करतो की."

"हिंदुराव, वाकलेलं पातं ठोकून सरळ केलं की आतून चीर राहते. फिरता फिरता तुकडा उडाला तर कुणाच्या पोटात जाईल?"

हिंदुरावांनी आपल्या पोटाकडं पाहिलं. गल्लीतलं सगळ्यात मोठं पोट तेच होतं. ते भिंतीवरून खाली उतरले.

दुरुस्तीवाल्याला फोन लावला तर तो म्हणाला, मशीन आणून टाका, लग्नसराई आहे, कधी होईल सांगता येत नाही. लग्नसराईचा आणि गवत कापण्याचा संबंध काकूंना कळेना. त्यांनी ठरवलं, पातं घरीच बदलायचं. चष्मा लावून त्यांनी मोबाइलवर दोन-तीन व्हिडिओ पाहिले. एका व्हिडिओतला माणूस उघड्या हातानं पात्याला धरत होता, तो त्यांनी अर्ध्यावर बंद केला आणि म्हणाल्या, असल्या माणसाला मी थिएटरच्या व्हरांड्यातसुद्धा उभं केलं नसतं. मग त्यांनी जाहीर केलं की केस गुरुवारी दुपारी घेऊ. त्या दिवशी पाण्याची पाळी होती, हे आमच्यापैकी कुणाच्याच ध्यानात आलं नाही.

गुरुवारी अंगणात धुतलेली चौकड्याची चादर अंथरली गेली. तिच्यावर मशीन कुशीवर. शेजारी स्टीलच्या ताटात पाना, तारेचा ब्रश, लाकडाचा ठोकळा, खोबरेल तेल, कुंकवाची डबी. काकांच्या हातात जाड चामड्याचे हातमोजे, डोळ्यांवर अनीशचा कॉलेजातला प्रयोगशाळेचा चष्मा. माझ्या सँडल नापास झाल्या, म्हणून मला काकांचे फिरायचे बूट घालावे लागले. ऊन असं होतं की पाना तव्यासारखा तापला असता, म्हणून माझ्याकडं छत्री. हिंदुरावांना आत यायचं होतंच. त्यांच्यासाठी काकूंनी रांगोळीची रेघ ओढली आणि सांगितलं की नातेवाईक या रेघेच्या पलीकडं. ते तिथं प्लॅस्टिकच्या खुर्चीत बसले आणि खरंच दवाखान्यात बसतात तसे गुडघ्यावर हात ठेवून बसले.

काकूंनी मशीनचा प्लग आधीच काढलेला होता. तरीही मनाची खात्री होईना, म्हणून घराचा मेन स्विच पाडला. तरीही कुणीतरी चुकून प्लग लावील म्हणून तो प्लग पदराच्या टोकात घट्ट गाठ मारून बांधला. शेवटी त्यांनी नियम सांगितला, की टेबलावर कुणी बोलायचं नाही. मी सांगीन तेवढंच करायचं. काकांनी मान हलवली.

त्यांनी ठोकळा पात्याच्या आड असा बसवला की पातं फिरू नये. काकांनी बोल्टला पाना लावला, डावीकडं जोर दिला. बोल्ट हलेना. काकूंनी तेल सोडलं. काकांनी पाय रोवले, पुन्हा जोर लावला. त्याच क्षणी स्वयंपाकघरात कुकरनं शिट्टी दिली आणि इतक्या वर्षांच्या सवयीनं काकू ताडकन उठून आत चालायला लागल्या.

पदराबरोबर वायर ताणली गेली, वायरीबरोबर मशीन निघालं, मशीनबरोबर चादर आणि पाना न सोडता चिंतामणीकाका. सावली त्यांच्यावरच राहावी म्हणून मी छत्री घेऊन मागोमाग. ही सगळी मिरवणूक तुळशीपर्यंत गेली. काका हूं की चूं करेनात. काकूंना पदराला ओढ जाणवली तेव्हा त्या वळून म्हणाल्या, "पेशंट कुणी हलवला?"

 रेघेपलीकडून हिंदुरावांनी एक बोट वर करून काकूंकडंच दाखवलं, पण लगेच खाली घेतलं.

एक मात्र झालं. त्या ओढाताणीत बोल्ट सैल झाला. काकांनी तो काढला, पातं सोडवलं. काकूंनी जुन्या पात्याच्या गवताकडच्या बाजूला कुंकवाचं बोट लावलं, म्हणजे नवं बसवताना तीच बाजू खाली घेता येईल. मग त्यांनी ताट पुढं ओढलं आणि मोजदाद सुरू केली. बोल्ट आला, पातं आलं, पाना, ब्रश, ठोकळा. बोल्टखालची चकती, म्हणजे वायसर, येईना.

आता वायसर तो केवढा, नव्या पात्यासोबत नवा मिळतो. काकांनी तसं सांगायला तोंड उघडलं आणि नियम आठवून मिटलं. काकूंनी सांगितलं की वायसर सापडेपर्यंत कुणी जागचं हलायचं नाही. आम्ही चादर झटकली. गवत बोटांनी विंचरलं. माझे, म्हणजे काकांचे, बूट काढून उलटे केले. आणि नेमकं तेव्हाच गल्लीच्या टोकाकडून कुणीतरी हाळी दिली, पाणी आलं.

सोलापुरात ही हाळी ऐकून बसून राहणारा माणूस मी तरी पाहिलेला नाही. घरोघर मोटारी घुरघुरायला लागल्या. आमची टाकी तळाला होती आणि मेन स्विच पडलेला. मी म्हणाले, काकू, मोटार. काकू हलल्या नाहीत. म्हणाल्या, मोजदाद जुळल्याशिवाय करंट चालू होणार नाही. काकांनी माझ्याकडं पाहिलं. त्यांच्या नजरेत मला त्या लग्नाला निघालेल्या सर्जनांची सगळी तगमग दिसली. शेजारून पाण्याचा आवाज येत होता. दोन दिवसांपासून माझे केस धुवायचे राहिले होते.

हिंदुरावांना हा ताण सोसेना. ताण आला की ते तंबाखू खातात. त्यांनी खिशातून चंची काढली, तळहातावर तंबाखू ओतली, चुना लावला, अंगठ्यानं मळायला लागले आणि थांबले. वाकून बघितलं. तळहातावर तंबाखूत मळलेला वायसर होता.

काकांनी बोल्ट काढला तेव्हा तो निसटून रेघेपलीकडं घरंगळला होता. हरवू नये म्हणून हिंदुरावांनी उचलून चंचीत ठेवला होता आणि पुढच्या धांदलीत विसरून गेले होते.

"वैनी, म्या जपून ठेवला हुता," ते म्हणाले.

काकूंनी नुसता हात पुढं केला. वायसर पुसला, ताटात ठेवला आणि मगच आत जाऊन मेन स्विच वर केला. पाणी अर्धी टाकी मिळालं. त्या आठवड्यात वरच्या मजल्यावर मी आणि खाली ते दोघं, आम्ही बरंच काटकसरीनं राहिलो. हिंदुराव स्वतःहून रोज एक घागर आणून ठेवायचे.

नवं पातं आणायला काकू भवानी पेठेत गेल्या. जुनं पातं नमुन्याला न्यायचं, पण कुणाला लागू नये म्हणून त्यांनी ते बँडेजमध्ये व्यवस्थित गुंडाळलं होतं. शेअर रिक्षातली एक बाई ते मांडीवरचं गाठोडं बराच वेळ बघत होती. उतरताना तिनं काकूंचा हात दाबला आणि देव सगळं बघतो म्हणाली. अवजारांच्या दुकानात शिवयोगी नावाचे मालक होते, अक्कलकोटकडचे. त्यांनी बँडेज सोडताना आधी विचारलं, अक्का, रक्त वगैरे नाही ना? बँडेजवर लाल डाग पसरला होता खरा. ते कुंकू होतं. नीट घासलं जाऊन पात्याच्या दोन्ही बाजू सारख्याच लाल झाल्या होत्या.

पुढच्या रविवारी पुन्हा चादर, पुन्हा ताट, पुन्हा छत्री, पुन्हा रांगोळीची रेघ. या वेळी गॅस आधीच बंद केला होता. कुंकवानं दगा दिल्यामुळे कोणती बाजू खाली हा प्रश्न आला. काकूंनी नवं पातं उलटसुलट करून पाहिलं. चष्मा त्यांनी कपाळावर ठेवलेला होता. क्षणभर विचार करून त्यांनी ठामपणे एक बाजू ठरवली. काकांनी पातं हातमोज्यानं धरलं, त्याच्याकडं बघितलं, काकूंकडं बघितलं, पुन्हा पात्याकडं बघितलं आणि बसवलं. बोल्ट चांगला आवळला. मोजदाद जुळली. पदराची गाठ सोडून प्लग लावला. सगळ्यांना मागं सरायला सांगून काकांनी मशीन चालू केलं.

आवाज झकास येत होता. काका लॉनवरून गेले, आले, पुन्हा गेले. मशीन बंद केलं. गवत तेवढंच होतं. फक्त सगळं एका बाजूला छान भांग पाडल्यासारखं झोपलं होतं.

हिंदुराव रेघेवरून म्हणाले, गवत लई गुणी झालं.

काका हळूच म्हणाले, "पातं उलटं बसलंय. त्याच्यावर इंग्रजीत कोरलेलं आहे, ही बाजू गवताकडं."

"तुम्हाला कधी दिसलं?"

"बसवतानाच."

"मग बोलला का नाहीत?"

"तूच म्हणालीस की टेबलावर बोलायचं नाही."

मी छत्री थोडी खाली घेतली, म्हणजे मला काकूंचं तोंड दिसू नये. उगीच आपण साक्षीदार नको. मग राहवेना, म्हणून पुन्हा वर केली. काकू चादरीवर बसल्या होत्या आणि त्यांचे खांदे हलत होते. आधी मला वाटलं रडतात. त्या हसत होत्या, आवाज न करता, नाकातून, थिएटरमध्ये मास्कच्या आत हसत असतील तशा. मग त्यांनी प्लग काढला, मेन स्विच पाडला, हातमोजे काकांना दिले आणि माझ्या हातातली छत्री घेतली.

"अहो, आता तुम्ही तुमच्या मनानं करा. मी धरते सावली. आणि काही दिसलं तर बोला."

काकांनी ठोकळा लावला, बोल्ट काढला, पातं पालथं केलं, वायसर, बोल्ट, आवळला. काम करताना ते सारखे बोलत होते. आता मी हे धरतोय, आता हे फिरवतोय, हे बघ अक्षरं आता बाहेरच्या बाजूला आली, माझ्या मोठ्या मामांची अक्षरं अशीच तिरकी होती. इतकं बोलताना मी त्यांना कधीच ऐकलं नव्हतं. काकूंनी एकदाच, बोल्ट अजून जरा आवळा, एवढं म्हटलं.

गवत कापलं गेलं. दोन चादरींच्या लॉनमधून एक घमेलं निघालं. ते हिंदुरावांनी पोत्यात भरलं आणि स्कूटरला लावून कुंभारीला मेव्हण्याच्या शेळीसाठी घेऊन गेले. संध्याकाळी त्यांचा फोन आला, तेव्हा काका लॉनवर अनवाणी फेऱ्या मारत होते आणि आम्ही दोघी पायरीवर चहा पीत होतो. हिंदुराव म्हणाले, वैनी, शेळीनं नुसता वास घेतला आणि मान फिरवली, तोंड लावंना.

काकूंनी कप खाली ठेवला आणि गंभीरपणे विचारलं, रवंथ करतेय का, आणि कान गरम लागतात का ते बघा.