खटखटीची फाईल

निजामपुऱ्यातल्या चहाच्या टपरीवर शेजारी बसलेला लूमवरचा, म्हणजे यंत्रमागावरचा कामगार सुट्टीवर गावी निघाला होता. त्याचा फोन भरलेला, घरच्यांचे फोटो काढायला जागा हवी होती. मी लगेच फोन हातात घेतला. नुसतीच खटखट असलेली एक लांबलचक फाईल मी कायमची उडवली.

ग्लासावर ताल धरणारी त्याची बोटं थांबली. "अरे साहब, लूमचा आवाज होता तो! गावाला येवढा सन्नाटा, त्याच्याशिवाय नींदच नाय येत."

माझ्या फोनमध्ये साठवलेले, यशस्वी होण्याचे शेकडो न पाहिलेले व्हिडिओ उडाले असते, तर मला पत्ताही लागला नसता.

तो मात्र उठला आणि समोरच्या खटखटणाऱ्या लूम कारखान्याच्या दारात फोन धरून उभा राहिला. मागोमाग जाऊन मी मोठ्यानं "हुश्श!" केलं, तसा त्या गदारोळातही तो खेकसला, "गप ना साहब, रेकॉर्डिंग चालू हाय!"