दत्ताकाका आणि आयर्लंडचा पोस्टमन

सहा आठवडे झाले. सकाळच्या मीटिंगमध्ये होते, तेव्हा मॉरीनकाकूंचा फोन आला. "अनघा, दत्ता गेला," त्या मराठीत म्हणाल्या. काकू डेट्रॉइटमध्ये जन्मलेल्या, आयरिश घरातल्या. इतक्या वर्षांच्या संसारात त्या मोजकंच मराठी शिकल्या होत्या, आणि त्यांच्या तोंडी 'दत्ता गेला' म्हणजे ग्रोसरीला, नाहीतर कुणाला तरी एअरपोर्टवरून आणायला. मी सहज विचारलं, "कुठे गेले?" मग त्या इंग्रजीत म्हणाल्या, "तसं नाही गं. नाश्ता करताना. खुर्चीतच." आणि रडता रडता आम्ही दोघी माझ्या त्या प्रश्नावर हसलो. काकाही हसले असते.

दत्ताकाका मूळचे नागपूरचे. डेट्रॉइटजवळच्या नोव्हायमध्ये त्यांनी आयुष्यभर गाड्यांचे तुटलेले पार्ट तपासायचं काम केलं. नवीन आलेल्या मराठी पोरापोरींना पहिल्या हिवाळ्याआधी बूट घ्यायला नेणं हे त्यांनी स्वतःकडे घेतलेलं खातं, मीही त्यातलीच. दुकानात ते प्रत्येक बुटाचा सोल वाकवून बघायचे आणि सेल्समनसमोर निकाल द्यायचे, "यार, हा दुसऱ्या थंडीत फाटणार." कामाबद्दल त्यांचं एकच सांगणं होतं : "पार्ट तुटला की कुणाचं चुकलं, हे आधी विचारायचं नाही. काय झालं, ते विचारायचं. मग लोक बोलतात."

रिटायर झाल्यावर त्यांनी हाच प्रश्न बायकोच्या माहेराला लावला. काकूंच्या घरी एका गावाचं नाव कुणी घेत नसे. आयर्लंडच्या कॉर्क परगण्यातलं ते लहानसं गाव, काकूंचे आजोबा तिथले. शंभर वर्षांपूर्वी इंग्रजांविरुद्ध स्वातंत्र्याची लढाई चालू असताना आजोबांच्या धाकट्या भावाला, डॅनियलला, गावातल्याच क्रांतिकारकांनी घरातून नेलं आणि गोळी घातली. छातीवर चिठ्ठी होती : 'हेर'. डॅनियल पोस्टमन होता. कुटुंबाने गाव सोडलं, डेट्रॉइट गाठलं, आणि तो खरंच हेर होता का, हे नंतर कुणी विचारलंच नाही.

"मला जाणून घ्यायचं नाही," काकू म्हणायच्या. "समजा, हेरच निघाला तर?"

"तर तोही आपलाच," काका म्हणायचे आणि विषय सोडून द्यायचे. असा तो दोन वर्षं सोडून दिला. शेवटी काकूच एकदा म्हणाल्या, "तू जा. मी येणार नाही."

काका एकटे गेले. फोनवर रोज वर्णन यायचं. पहिला आठवडा गाई, पाऊस आणि गुडघेदुखी. मारलेल्यांची नातवंडं आणि मारणाऱ्यांची नातवंडं एकाच दुकानात ब्रेड घेतात, म्हणून त्या दिवसांबद्दल कुणी कुणाशी बोलत नाही, हे त्यांच्या लक्षात आलं. पण नागपूरचा हा छत्रीवाला माणूस कुणाच्याच बाजूचा नव्हता. त्याच्यापाशी लोक मोकळे होऊ लागले. क्रांतिकारकांनी चर्चबाहेर मारलेला कॉन्स्टेबल आणि त्याची लहान मुलं... इंग्रज सैनिकांनी शेतात टिपलेला गडी... सैनिकांनी जाळलेली दुधाची डेअरी, जिच्यावर निम्मं गाव जगत होतं. निघायच्या दिवशी ब्रिजेट नावाची एक वयस्कर बाई आली आणि म्हणाली, "मला जे सांगायचंय ते तुमच्या बायकोला सांगायचंय. मी अमेरिकेला आले तर चालेल का?"

काकांच्या मोतीबिंदूचं ऑपरेशन नुकतंच झालं होतं, म्हणून ब्रिजेटबाईंना एअरपोर्टवरून मी आणलं. त्या संपूर्ण ड्राइव्हमध्ये त्या पर्स घट्ट धरून होत्या. घरी काकूंनी चहा पुढे ठेवला आणि त्या पुन्हा ओट्याकडे वळल्या. काकांनी साबुदाण्याचे वडे तळले होते. एक घास खाऊन ब्रिजेटबाई म्हणाल्या, "यात आम्हा आयरिश लोकांचा बटाटा आहे. म्हणजे मी इथे सुरक्षित आहे." काकूंना नाइलाजाने हसू आलं.

मग त्यांनी बशी बाजूला ठेवली. "डॅनियलला न्यायला जे आले होते, त्यांत माझे आजोबा होते. शेवटच्या आजारात ते आईला म्हणाले, तो रोज पोलिसांच्या बराकीत जायचा कारण पत्रं द्यावी लागायची. बातम्या फोडणारा वेगळाच होता, ते आम्हाला नंतर कळलं. डॅनियलला जिथे गोळी घातली, त्या रस्त्याने आजोबा त्यानंतर कधी गेले नाहीत. स्वतःच्या शेतावर दोन मैलांचा वळसा घालून जायचे. आम्ही सगळेच जायचो. का, ते कुणी विचारलं नाही."

काकूंनी हातातला कप खाली ठेवला.

"म्हणजे तो फक्त पत्रं वाटत होता."

"हो."

काकूंनी बशी पुन्हा त्यांच्यापुढे सरकवली. "गार होतायत. घ्या."

दोन आठवडे ब्रिजेटबाई राहिल्या. मंडळाच्या गणपतीला काकूंची पैठणी नेसून मिरवल्या, आणि आरतीत सगळ्यांच्या वरचा सूर लावला. परत गेल्यावर त्यांनी एकदा व्हिडिओ कॉल केला. त्या त्याच रस्त्याने चालत होत्या. ओलं कुंपण, दोन गाई, बाकी काही नाही. "फारच जवळ आहे हो शेत," त्या म्हणत होत्या. काका स्क्रीनला नाक लावून रस्त्याचा उतार मोजत होते.

गेल्या शनिवारी काकूंना मदत करायला गेले. बेसमेंटमध्ये भिंतीवर एक मोठा कागद दिसला. काकांचं अक्षर, देवनागरीत. त्या गावात त्या काळात मारले गेलेले सगळे : कॉन्स्टेबल, शेतगडी, सैनिक, डॅनियल. बाजू कुठेच लिहिलेली नाही. नाव आणि काम, एवढंच.

"देवनागरीत का?" मी विचारलं.

"त्या गावचं कुणी आलं तर वाचता येऊ नये, माझा वर, तुझा खाली म्हणून भांडण नको, म्हणायचा."

मी वाचून दाखवायला पुढे झाले. "थांब," काकू म्हणाल्या. त्यांनी कागदावर बोट टेकवलं. "डॅ... नि... य... ल. पोस्टमन." मग माझ्याकडे वळल्या. "सकाळी चहा झाला की एक नाव. दत्ता शिकवायचा. आता एकटीच वाचते. आज खरं तर कॉन्स्टेबलचा नंबर आहे." आणि चष्मा पुसून त्या वरच्या ओळीकडे वळल्या.