'धारक' म्हणजे कोण?

विश्रामबागेतल्या कॉलेजात शिकवता शिकवता आम्ही तिघं पीएच.डी. झालो. 'पीएच.डी.धारक प्राध्यापकांना जादा वेतनवाढी' असं शासन निर्णयात स्वच्छ मराठीत लिहिलं होतं. तरी सरकारी कार्यालयानं आमचे प्रस्ताव परत पाठवले. का, तर धारक म्हणजे रुजू होतानाच ज्याच्याकडे पदवी होती तो! तिथल्या साहेबांवर मी भडकलो. सोबत आमच्या कॉलेजातल्या मराठीच्या मॅडम आल्या होत्या. त्यांनी चष्मा पुसत विचारलं, "साहेब, तुम्ही रेशनकार्डधारक आहात ना? मग जन्मताना कार्ड हातात घेऊन आला होतात का?"

साहेब हसले, पण सही काही केली नाही.

आम्ही कोर्टात गेलो. मॅडमनी अर्जाचा मसुदा चारदा स्वतः लिहिला. सुट्टीत त्या साताऱ्याला घरी जायच्या, तर तिथूनही वकिलांकडे एसटीनं यायच्या. अर्जावर मात्र त्यांचं नाव नव्हतं. आमचं काय होतंय ते आधी बघतायत, असं मला वाटायचं.

रेशनकार्डाचा दाखला कोर्टात चालला. आम्ही जिंकलो. पेढा देताना मी म्हणालो, "मॅडम, आता तुमचाही प्रस्ताव पाठवू."

"माझा कशाला? मी पीएच.डी. होऊनच रुजू झाले. मला त्या वेतनवाढी पहिल्यापासून मिळतायत."

"मग इतकी वर्षं एसटीचे धक्के कशासाठी खाल्लेत?"

"अहो, साध्या मराठी शब्दाचा चुकीचा अर्थ लावत होते ते!"